दुकानदाराच्या मुलाची कॅसेट

सूड उगवायला नेलेली कॅसेट मी आधी एकदाही बघितली नव्हती.

सूड उगवायचा होता तो अमेरिकेतल्या आमच्या ट्रॉय गावच्या मराठी मंडळाच्या दिग्दर्शकावर. वयाने काका, नोकरीने मोटार कंपनीतले मॅनेजर. गणपतीच्या नाटकात मला नायक व्हायचं होतं. काकांनी माझं दोन पानांचं वाचन ऐकलं आणि म्हणाले, "तू पडदा ओढ."

"काका, मी इंग्लंडच्या टीव्हीवर होतो. आठव्या वर्षापासून!"

"असशील. लहानपणी सगळेच गोड दिसतात."

थाप नव्हती. बाबा तिकडे डॉक्टर होते, तेव्हा मुलांच्या एका मालिकेत मी तीन वर्षं कोपऱ्यावरच्या भारतीय दुकानदाराचा मुलगा होतो. अकराव्या वर्षी, एका उन्हाळ्यात, मी वीतभर वाढलो आणि मालिकेतलं आमचं कुटुंब लग्नाला म्हणून भारतात गेलं. अजून परतलेलं नाही. उंचीपायी करिअर गेलं हा राग मी पंचवीस वर्षं जपून ठेवला होता. त्यात आता काका.

आईकडून पुण्याहून कॅसेट मागवली. इंग्लंडची कॅसेट अमेरिकेतल्या व्हीसीआरवर चालत नाही, म्हणून पाच तास ड्राइव्ह करून शिकागोला गेलो आणि डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या एका दुकानात ती कन्व्हर्ट करून घेतली.

"शादी की है?" दुकानदाराने विचारलं.

"नहीं, बदले की."

काकांनी माफी कुठल्या शब्दांत मागायची, हेसुद्धा मी परतीच्या रस्त्यात ठरवलं. बायको म्हणाली, "एकदा लावून तर बघ." पण आपल्या विजयाचा पहिला खेळ एकट्याने बघण्यात काय मजा?

तालीम काकांच्याच बेसमेंटमध्ये होती. सगळे नट जमलेले, आणि पहिल्यापासून माझी बाजू घेणाऱ्या काकू बटाटेवडे घेऊन आलेल्या. मी कॅसेट लावली आणि काकांचा चेहरा नीट दिसेल अशी जागा धरली.

टीव्हीवर आठ वर्षांचा मी. "किती गोड!" काकू म्हणाल्या. मग मालिकेतले बाबा बोलू लागले, आणि त्यांच्याबरोबर तिथे टीव्हीवर माझेही ओठ हलू लागले. गिऱ्हाईक म्हातारी बोलली, तिचंही वाक्य मी तोंडातल्या तोंडात म्हटलं. पोलीस आला. त्याचंही. घरी मी अख्खी संहिता पाठ करायचो ना, सगळ्यांची!

आणि मग मला सेटवरची ती बाई आठवली. प्रत्येक शॉटआधी माझ्याकडे बघून ओठांवर दोन बोटं दाबायची. ती मला पापी देतेय असं मी इतकी वर्षं समजत होतो; ती 'ओठ मिटून ठेव' म्हणत होती. म्हणजे उंचीचा काही संबंधच नव्हता.

"रिवाइंड कर रे," काका म्हणाले. एकदा नाही, तीनदा. आमच्या नाटकाच्या नायकाला हसून हसून ठसका लागला. काका हसलेसुद्धा नाहीत, नुसते समाधानाने वडा खात राहिले.

मी आशेने काकूंकडे बघितलं.

"दोन आठवडे भांडतेय मी ह्यांच्याशी, त्याला घ्या म्हणून," काकू म्हणाल्या. "तीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदा ह्यांचं बरोबर निघालं, आणि तेही तुझ्यामुळे!"