पंख्याच्या बटणापाशी

मावशी गेल्या, आणि माझ्याकडं त्यांचा एकपण फोटो नाही.

म्हणून ही पोस्ट अशीच. दिव्याचा नाहीतर गुलाबाचा फोटो डाउनलोड करून चिकटवणार नाही. त्या हसल्या असत्या.

नावपण लिहीत नाही. का ते सांगतो.

मागच्या उन्हाळ्यात चाकणच्या अलीकडं एका वृद्धाश्रमात डॉक्युमेंटरीचं शूट होतं. डायरेक्टर ताई, एक कॅमेरावाला आणि साऊंडला मी. साऊंडमधलं मला काय येत होतं, तर लग्नात भटजींना माईक लावायचो. त्याआधी कंपनीत कॉन्ट्रॅक्टवर, त्याआधी टेम्पोवर, त्याआधी बारावी, तीपण अर्धी. ताईंचा नंबर मला मोशीच्या एका चहावाल्यानं दिला होता. तो आता हिंजवडीजवळ माण गावात गेलाय, आयटीवाल्यांना तोच चहा मातीच्या कपात देतो आणि त्याला काहीतरी वेगळंच नाव सांगतो.

असो. त्याच आश्रमात राहणाऱ्या मावशींचं सांगत होतो.

हॉलमध्ये एक जुना पंखा. चालू असला की माझ्या हेडफोनमध्ये फक्त त्याचीच खडखड. म्हणजे प्रत्येक शॉटला पंखा बंद, शॉट संपला की चालू. बाहेर ऊन, वर पत्रा, खाली ही सगळी म्हातारी माणसं.

पंख्याचं बटण कॅमेऱ्याच्या मागच्या भिंतीवर होतं. पहिल्याच दिवशी मावशींनी तिथं खुर्ची ओढून घेतली.

माझ्याकडं बघून मान हलवायच्या, बटण दाबायच्या. कट झाला की परत चालू, आणि सगळ्यांना म्हणायच्या, "घ्या, वारा खा."

दुसऱ्या कोणी बटणाला हात लावला तर खपायचं नाही. एकदा ताईंनी लावला. ताईंना पण ऐकावं लागलं.

ताईंना मावशींचा चेहरा फार आवडला होता. खूप मागे लागल्या. मावशी नाहीच म्हणाल्या. मग मला बाजूला घेऊन सांगितलं,

"मला नको घेऊ लेकरा. गावाकडं सगळ्यांला वाटतंय, मी लेकाकडं हाय."

लेक पिंपळे सौदागरला. वाईट माणूस नाहीये, राव. कमेंटमध्ये लगेच सुरू होऊ नका. नवरा-बायको दोघं कामावर, मावशी घरात एकट्या असताना पडल्या, खुब्याचं हाड मोडलं. मग इथं. तो रविवारी यायचा, आईची नखं कापून जायचा.

लातूरकडून बहिणीचा फोन आला की मावशी सांगायच्या, सूनबाई ऑफिसला गेलीय, मी बाल्कनीत बसलेय. हॉलमधलं कोणीतरी गुपचूप टीव्ही बंद करायचं. सगळ्यांना माहीत होतं. कोणी कधी विचारलं नाही.

शूटचा शेवटचा दिवस.

साऊंडवाल्याचं एक काम शेवटी असतं. खोलीतली नुसती शांतता रेकॉर्ड करायची. कोणी बोलायचं नाही, हलायचं नाही. एडिटला ती लागते.

मी सगळ्यांना सांगितलं, एक मिनिट एकदम शांत. मावशींनी पंखा बंद केला. मी रेकॉर्डिंग चालू केलं.

आणि सगळे उभे राहिले.

अख्खा हॉल. ज्यांना उभं राहता येत नव्हतं ते पलंगाचा दांडा धरून. तिथलेच एक तात्या, त्यांनी टोपी काढली. मावशी वॉकरवर जोर देऊन उठल्या, बांगड्या वाजल्या, आणि त्यांनी हळूच मला विचारलं,

"कोण गेलं रं?"

त्या हॉलमध्ये एक मिनिट शांत राहा असं फक्त तेव्हाच सांगतात.

मी म्हणालो, कोणी नाही मावशी, सगळे आहेत, बसा. तात्या टोपी घालत म्हणाले, "मग फुकट उभं केलं की राव." सगळे हसले. मी परत रेकॉर्ड केलं. पहिलं रेकॉर्डिंग कामाचं नव्हतं, पण डिलीट नाही केलं.

दिवाळीनंतर त्याच हॉलमध्ये पांढरी चादर बांधून फिल्म दाखवली. लोक स्वतःला बघून टाळ्या वाजवत होते. तात्या तर स्वतःचं बोलणं पडद्यावरच्या तात्यांच्या आधी म्हणत होते. मावशी बटणापाशी बसून शेवटपर्यंत बघत होत्या. नावं वर जाईपर्यंत.

मग म्हणाल्या, "मी कुठंच न्हाई का रं?"

म्हणालो, तुम्हीच नको म्हणाला होता.

"म्हणले व्हते. पण तू चुकून घेशील, असं वाटलं."

मी मोबाईल काढला. मोबाईलमध्ये ते पहिलं रेकॉर्डिंग होतं. त्यांच्या कानाला हेडफोन लावला. खुर्च्यांचा आवाज, वॉकर, बांगड्या, मग, कोण गेलं रं.

मावशी हसल्या. डोळे पुसले. "परत लाव" म्हणाल्या. परत लावलं. परत.

हेडफोन काढून मला दिला आणि म्हणाल्या, "एवढं बास झालं. ऱ्हाऊ दे तुझ्यापाशी."

आज सकाळी आश्रमातल्या सिस्टरांचा फोन आला. मी भोसरीत होतो, बाईक वळवली.

हॉलमध्ये सगळे उभे होते. त्यांचा लेकपण. पंखा खडखडत होता, आणि बटणाकडं कोणी जाईना. सगळे त्या रिकाम्या खुर्चीकडं बघत होते. शेवटी तात्यांनी मला खूण केली.

मी जाऊन पंखा बंद केला.

एक मिनिट.

मी वाट बघत होतो, कोणीतरी हळूच विचारेल म्हणून. कोणी नाही विचारलं.

गावाकडच्यांसाठी त्या लेकाकडंच होत्या. तसंच राहू दे. म्हणून नाव नाही, फोटो नाही.

मावशी, चुकून तरी घ्यायला पाहिजे होतं.

पंखा चालू केलाय. सगळे वारा खातायत.

नमस्कार करतो.