तांदळातलं नाव आणि माझं मत

लग्नात माझं नाव बदललं तेव्हा मला कुणी विचारलं नव्हतं. ताटात तांदूळ पसरले, ह्यांनी अंगठीने त्यात नवं नाव लिहिलं, सासूबाईंनी पेढे वाटले, झालं! वडिलांनी ठेवलेलं नाव तेवढं पासपोर्टात राहिलं. तो लग्नाआधीच काढलेला होता, आणि नंतर दर वेळी नवा करताना नाव बदलायच्या खटपटीत कोण पडणार?

नॉटिंगहॅमला हे हॉस्पिटलात डॉक्टर, आणि मी डॉक्टरांची मिसेस. कौन्सिलचे, म्हणजे तिथल्या महापालिकेचे, सगळे फॉर्म हेच भरायचे, त्यामुळे मतदारयादीत तांदळातलं नाव लागलं. आमची मतंही पोस्टाने जायची. दोन्ही मतपत्रिका डायनिंग टेबलवर ठेवून हे दोन्हींवर आपल्या उमेदवारासमोर फुली मारायचे आणि मला हाक मारायचे, "ये गं, इथे सही कर." मी कणकेचा हात पुसून सही करायचे. कुणाला मत दिलं तेही विचारलं नाही कधी. इतकी वर्षं! आता आठवलं की स्वतःच्याच मुस्काटात मारावीशी वाटते.

गेल्या निवडणुकीच्या आधी आमच्या भागाचे फार हाल झाले. कौन्सिलकडे पैसा उरला नाही, लायब्ररीला कुलूप लागलं. चर्चबाहेर फुकटच्या शिध्यासाठी रांग लागायची, आणि त्या रांगेत परवापर्यंत चांगली नोकरी करणारी माणसं असायची. त्या लायब्ररीत दर मंगळवारी आमचा इंग्रजीचा वर्ग भरायचा. शिकवणारी बाई गोरी, साठीची, खणखणीत आवाजाची. तिच्यामुळे मी पन्नाशी उलटल्यावर पहिल्यांदा जीपीला, म्हणजे भागातल्या दवाखान्यात, स्वतः फोन केला, ह्यांना मध्ये न घालता. ती बाई पार्लमेंटला अपक्ष उभी राहिली.

"डिपॉझिट जाणार तिचं," हे हसले.

"जाऊ दे की. माझं मत तिलाच," मी म्हटलं. बाईला तसा शब्दच दिला होता मी. पोस्टाचं मत रद्द करायचा फॉर्म मी स्वतः भरला. आयुष्यातला पहिला फॉर्म, तोही तिच्याच शेजारी बसून.

मतदानाच्या दिवशी इस्त्रीचा कुडता घालून शाळेच्या हॉलवर गेले. टेबलामागच्या मुलीने पासपोर्ट पाहिला, यादी पाहिली, मग एका वयस्कर अधिकाऱ्याला बोलावलं. पासपोर्टातलं नाव यादीत नव्हतं. दुसरं फोटोचं ओळखपत्र? लायसन नाही, कारण "बस आहे की दारात" म्हणून ह्यांनी गाडी शिकू दिली नाही. म्हाताऱ्यांचा बसपास मिळायला अजून दोन वर्षं. मग मी त्यांना तांदूळ, अंगठी, ताट सगळं सांगितलं. वर्गात शिकलेलं होतं नव्हतं तेवढं इंग्रजी खर्ची घातलं. मागची रांग कान देऊन ऐकत होती. इतकी लाज मला कधी वाटली नव्हती. अधिकारी अगदी नम्रपणे म्हणाला, लग्नाचं सर्टिफिकेट घेऊन या, रात्री दहापर्यंत उघडं आहे.

मी जवळजवळ पळतच घरी आले. हे पेपर वाचत होते.

"सर्टिफिकेट? ते पुण्याला, दादाच्या कपाटात," मान वर न करता म्हणाले. "तरी सांगत होतो, पोस्टाने टाकू. माझ्या हातून गेलं असतं तर कुणी नाव विचारलं असतं का?"

खरंच होतं ते, म्हणून तर जास्त झोंबलं. हे फुली मारत होते तोवर माझं मत चालत होतं.

बाई पडली, चांगलीच आपटली. माझ्या एका मताने काही फरक पडला नसता. पण बसस्टॉपवर भेटली तेव्हा हात धरून "थँक यू" म्हणाली, आणि मला खरं सांगता आलं नाही.

दुसऱ्या दिवशी मीच कौन्सिलला फोन केला. यादीत पासपोर्टातलं नाव घाला म्हटलं. पत्र येईल, त्यावर सही करून परत पाठवा, असं तिथल्या बाईने सांगितलं. मी रोज पोस्टमनची वाट पाहिली. तीन आठवडे झाले, पत्र नाही.

एका सकाळी दुकानात निघाले होते. दाराजवळच्या टेबलावर एक बंद पाकीट दिसलं, कौन्सिलचं. वर माझं नाव, वडिलांनी ठेवलेलं. त्यावर एक रेघ, आणि खाली ह्यांच्या वळणदार अक्षरात इंग्रजीत लिहिलेलं: या नावाचं इथे कोणी राहत नाही.

माझं ते नाव विसरले होते की मुद्दाम केलं, देव जाणे. दोन्हींत वाईट कोणतं, तेही मला ठरवता येत नाही.

आतून ह्यांनी हाक मारली, तांदळातल्या नावाने. "अगं, जातेच आहेस तर ते पाकीट पोस्टात टाक."

मी ते दारातच फोडलं आणि पेन शोधायला आत वळले.