बाबांना शुक्र दाखवायचा होता

सतरा वर्षं मी जिल्हा परिषदेच्या शाळेत ग्रह शिकवते आहे. तक्त्यावर काठी ठेवायची, बुधापासून सुरुवात करायची आणि घंटा व्हायच्या आत शनीपर्यंत पोचायचं. झोपेतून उठवून विचारलं तरी सांगेन. पण त्या फेब्रुवारीत बाबा मला गच्चीवर घेऊन गेले आणि म्हणाले, "सांग आता, यातला शुक्र कोनता?" तेव्हा माझी बोबडी वळली. आकाशातला एकही ग्रह मी कधी ओळखून पाहिला नव्हता. लाज मला माझीच वाटली, पण राग बाबांचा आला.

प्रश्न गमतीचा नव्हता. धाकट्या बहिणीचं लग्न त्यावर अडलं होतं. मुलगा देवरीचा. चौतिसाव्या वर्षी तिला कोणीतरी मनापासून आवडला होता, साक्षगंधही झालं होतं, आणि तेवढ्यात शुक्राचा तारा बुडाला. शुक्र सूर्यापाशी जाऊन दीड-दोन महिने दिसेनासा होतो, त्याला आमच्याकडे तारा बुडणं म्हणतात. तेवढे दिवस लग्नं बंद. तो पुन्हा संध्याकाळी पश्चिमेला निघाला की मग मुहूर्त. पंचांगाप्रमाणे तारा निघून बरेच दिवस झाले होते. मुलाला नोकरीसाठी रायपूरला जायचं होतं. त्याच्या मामांनी फोनवर सरळ सांगितलं, आठ दिवसांत तारीख द्या, नाहीतर आम्हाला दुसरीकडे पाहावं लागेल.

बाबा मात्र हटून बसले होते. "कागदावर निघाला असन. मी स्वता पाहीन, तवाच तारीख देईन."

गोंदियाच्या राइस मिलमध्ये त्यांची हयात गेली. देवदेव करणारा माणूस नव्हे. पण माझ्या लग्नाच्या वेळीही पंचांगात तारा निघालेला होता, आणि बाबांना तो गच्चीवरून तीन संध्याकाळी शोधूनही दिसला नव्हता. हॉल ठरला होता, पत्रिका वाटल्या होत्या, म्हणून त्यांनी मान हलवली. दोन वर्षांत मी माघारी आले. तेव्हापासून त्यांच्या मनात एकच, बुडलेल्या ताऱ्यावर पोरीचं लगीन लावलं. हे ते मला कधी म्हणाले नाहीत, आल्यागेल्याला म्हणायचे, मी आत भात लावत असताना.

आमचं गाव तिरोड्याच्या पूर्वेला. गच्चीवरून पश्चिमेला पाहिलं की पॉवर प्लांटच्या चिमण्या दिसतात, सूर्य त्यांच्याच मागे बुडतो. म्हणजे शुक्र शोधायचा तो नेमका त्या गर्दीत. लाल दिवे, पांढरे दिवे, वाफ, धूर, त्यात फेब्रुवारीचं धुरकट आभाळ. मी मोबाइलवर आकाश दाखवणारं ॲप घेतलं. पहिल्या दिवशी त्यानं शुक्र आमच्या न्हाणीघरात दाखवला. दुसऱ्या दिवशी मी मोबाइल हवेत आठाच्या आकड्यासारखा फिरवला (असं करायचं असतं म्हणे), तेव्हा शुक्र न्हाणीघरातून निघून थेट एका चिमणीच्या डाव्या अंगाला जाऊन बसला.

"तुह्या मोबाइलनं प्लांटच पायला," बहीण म्हणाली. मलाही तसंच वाटलं. चिमणीच्या डावीकडे एक पिवळट दिवा होता खरा, पण तो प्लांटचा.

"नवीन लावला असन," बाबा म्हणाले.

तो दिवा संध्याकाळी थोडा वेळ लागायचा आणि मग बंद व्हायचा. "बचत करून रायले," बाबा म्हणाले. आम्ही दोघांनी त्याचा विचार तिथेच सोडला आणि वरच्या आभाळात शोधत राहिलो.

पाचव्या संध्याकाळी वर, चिमण्यांपासून चांगला वीतभर उंच, एक ठिपका दिसला. लुकलुकत नव्हता. ग्रह लुकलुकत नाहीत, हे मी सतरा वर्षं शिकवलेलं, म्हणून माझी छाती फुगली. तसा तो फारसा तेजस्वी नव्हता. शुक्र सगळ्यांत तेजस्वी ग्रह, हेही मीच शिकवते. पण म्हटलं, नुकताच निघाला आहे, असेल अशक्त. बाबांनी हाताचा आडोसा करून खूप वेळ पाहिलं. मग खाली जाऊन त्यांनी स्वतः देवरीला फोन लावला आणि तारीख दिली. बहिणीनं त्या रात्री भाजीत दोनदा मीठ टाकलं आणि आम्ही तशीच खाल्ली.

दहा-बारा दिवस गेले. बाबा रोज संध्याकाळी वर जाऊन ताऱ्याची हजेरी घ्यायचे. एक दिवस खाली आले ते रागातच. "तारा कमी होऊन रायला." मी हसण्यावारी नेलं. पण खरंच, तो ठिपका फिका झाला होता आणि खाली उतरत होता. आणखी तीन दिवसांनी तो दिसलाच नाही. निघालेला तारा पंधरा दिवसांत परत बुडतो, असं ना पंचांगात होतं ना माझ्या पुस्तकात. माझं डोकं चालेना. मोबाइलवर वाचत बसले तर भलतंच काहीतरी हाती लागायचं. शुक्राला कला असतात. शुक्राचा दिवस त्याच्या वर्षाहून मोठा. शुक्र दर आठ वर्षांनी त्याच दिवसांत जवळपास त्याच जागी येतो. यातलं काय कुठे लावायचं, मला काही कळत नव्हतं.

बाबांना मात्र सगळं कळलं होतं. "देवरीले फोन लाव," ते मला म्हणाले. "म्हन, आमाले जमत नाई."

"बाबा, पत्रिका छापून झाल्या."

"मांगच्या वक्ताले बी झाल्या होत्या."

 बहिणीनं ताट पुढे सरकवलं आणि ती आतल्या खोलीत गेली. बाबांना दोन शब्द सुनावावेत असं फार वाटलं, पण त्यांचा चेहरा इतका पडला होता की माझा रागच अर्ध्यावर विझला. फोन न लावता मी गच्चीवर गेले. शोधायला नाही, खाली बसवेना म्हणून.

वर जाऊन पाहते तर प्लांटचा तो पिवळा दिवा चिमणीच्या वर. टोकाच्याही वर, मोकळ्या हवेत, आणि असा झगझगीत की नजर हलेना. चिमणीच्या वर कोण दिवा लावणार? मी कठड्याला धरून उभी राहिले. आधी वाटलं, आपल्यालाच काहीतरी होतंय. मग मोबाइल आठवला, न्हाणीघर आठवलं, चिमणीचं डावं अंग आठवलं, आणि मी मोठ्यानं बाबांना हाक मारली.

बाबा धापा टाकत आले. मी बोट दाखवलं.  दिवा हळूहळू खाली आला, चिमणीच्या बाजूला आला, धुरात तांबूस झाला आणि गेला. मावळला. इतके दिवस आम्हाला वाटत होतं, प्लांटवाले तो बंद करतात.

"मंग तो वरचा कोनता होता?"

"बुध असेल. तोही सूर्यापाशीच असतो, लवकर बुडतो. आपण बुधावर तारीख दिली."

बाबांना हसू आलं. मलाही आलं. "म्हंजे हा होताच," ते म्हणाले. "आपन तारीख दिली तवा बी होता."

"होता. आपण त्याला दिवा समजलो."

खाली बहिणीला ओरडून सांगितलं की फोन लावायचा नाही, लग्न ठरल्या दिवशीच आहे. आतून भांड्यांचा आवाज सुरू झाला. मला वाटलं, सुटलो. बाबा मात्र अजून चिमण्यांकडेच पाहत होते.

"तुह्या वक्ताले?" त्यांनी विचारलं.

तेव्हा कुठे ते आठ वर्षांचं वाचलेलं माझ्या डोक्यात जागेवर बसलं. माझं लग्न आठ वर्षांपूर्वी, याच दिवसांत. म्हणजे त्या तीन संध्याकाळीही शुक्र तिथेच, त्या चिमणीपाशी, आणि बाबा त्याच्यावरून नजर फिरवून वर शोधत असणार.

"होता, बाबा. इथेच होता. तुमचं काही चुकलं नव्हतं."

मला वाटलं त्यांच्या उरावरचा दगड उतरेल. ते कठड्यावरचा हात काढून माझ्याकडे वळले. आवाजात राग नव्हता, नुसतं न कळणं होतं.

"मंग तू काऊन परत आली वं?"

हे मला घरात कोणीच विचारलं नव्हतं. तारा बुडालेला होता, एवढ्यावर सगळ्यांचं भागलं होतं, आणि खरं सांगायचं तर माझंही. नवरा मारत नव्हता, पीत नव्हता. एका दिवाळीला मी माहेरी आले आणि परत जायची पिशवी भरलीच नाही. का, ते मी स्वतःलाही कधी नीट विचारलं नव्हतं. बाबा वाट पाहत उभे होते.

"मला नाही माहीत, बाबा," मी म्हणाले, आणि परत आल्यापासून पहिल्यांदा मला त्यांच्यासमोर रडू आलं.