बेटकर मास्तर होडीत बसत नसत

जगातल्या बहुतेक बेटांची नावं, त्यांच्या राजधान्या, तिथे आधी कोणाचं राज्य होतं आणि नंतर कोणाचं आलं, हे सगळं तोंडपाठ असलेला हा माणूस कळत्या वयात कधी होडीत बसला नाही. त्यांचं खरं आडनाव वेगळं होतं. बेटकर हे मुलांनी ठेवलेलं. ते इतकं रुळलं की कॉलनीत नवा पोस्टमन आला, तेव्हा खऱ्या आडनावाचं पत्र त्याने 'या नावाचे कोणी नाही' म्हणून परत पाठवलं. मास्तर रागावले नाहीत. "त्याचं बरोबरच आहे," म्हणाले, "या नावाचं आता कोण राहिलंय?"

पिंपरीत तेव्हा कारखाने भराभर उभे राहत होते आणि आमच्यासारखी बिऱ्हाडं जिल्ह्याजिल्ह्यांतून येऊन पडत होती. मी एका कंपनीत कॉस्टिंगला, म्हणजे मालाच्या खर्चाच्या हिशेबाला, लागलो. मास्तर रत्नागिरीकडचे, खाडीकाठच्या गावचे. कॉलनीच्या शाळेत इतिहास-भूगोल शिकवायचे. आमच्या दोन्ही बिऱ्हाडांना व्हरांडा एकच, मध्ये कमरेएवढी भिंत. त्या भिंतीवर कोपर टेकून ते मला माहिती पुरवायचे आणि मी ती पडताळून घ्यायचो. आकडा कोणीही सांगितला तरी तो तपासल्याशिवाय मला चैन पडत नाही. नाउरू नावाचा अख्खा देश एकवीस चौरस किलोमीटरचा आहे, असं ते एकदा म्हणाले. मी कंपनीच्या वाचनालयात जाऊन पाहिलं. बरोबर निघालं. "म्हणजे आपली नगरपालिका त्याहून मोठी," मी म्हणालो. "हो ना. आपल्याला फक्त समुद्र कमी पडतो," मास्तर म्हणाले.

शाळेत जगाचा एक जुना नकाशा होता, साहेबाच्या काळातला. त्यावर प्रत्येक चिमुकल्या बेटापुढे कंसात 'ब्रि.' किंवा 'फ्रें.' असं छापलेलं असे. एखादं बेट स्वतंत्र झाल्याची बातमी आली की मास्तर दाढीचं पातं घेऊन वर्गात जायचे, त्या देशाची हकिगत सांगायचे आणि सगळ्यांदेखत तो कंस हलक्या हाताने खरवडून काढायचे. मग पेपरमिंट वाटायचे. मुलांनी या समारंभाला 'कंसवध' म्हणायला सुरुवात केली. गावठाणातला एखादा पोरगा सकाळीच विचारायचा, "गुरुजी, आज कुनाचा कंस मारायचा हाय?" मालदीवचा मारला, मॉरिशसचा मारला, फिजीचा मारला. तपासणीला आलेल्या साहेबांनी नकाशा पाहून विचारलं, "शाळेच्या वस्तूची खराबी कोणी केली?" मास्तर म्हणाले, "खराबी नाही साहेब, दुरुस्ती आहे. अजून बरीच बाकी आहे."

शाळेची सहल जंजिऱ्याला गेली तेव्हा पालक म्हणून मीही बरोबर होतो. मुलं शिडाच्या होड्यांत चढली. मास्तर किनाऱ्यावर मुलांच्या पिशव्या सांभाळत बसले. होडीवाला म्हणाला, "या की मास्तर, इथं पाणी गुडघाभर पण नाय." मास्तर म्हणाले, "असू दे. गुडघे माझे आहेत." आम्ही किल्ला हिंडून आलो. पण सिद्दी कुठून आले, हा दगडी डोंगर पाण्यात कसा उभा केला, कोणी कोणी तो घ्यायचा प्रयत्न केला, हे आम्हांला कळलं ते परत आल्यावर, त्या पिशव्यांच्या ढिगाशेजारी.

या धास्तीमागचं कारण त्यांच्या पत्नीने, माईंनी, माझ्या बायकोला सांगितलं. मास्तरांचा थोरला भाऊ आगबोटीवर खलाशी म्हणून गेला. धक्क्यावर त्याला निरोप द्यायला लहानगे मास्तर गेले होते. तो परत आला नाही. मेल्याचंही कळलं नाही. आई तुळशीपाशी रोज त्याची वाट बघत राहिली, ती शेवटपर्यंत.

मास्तरांची एकुलती एक मुलगी नलू. बी.ए. झाली आणि पुण्यात एका शाळेत मराठी शिकवू लागली. तिच्या ओळखीने मॉरिशसचा एक विद्यार्थी घरी येऊ लागला. पुण्याच्या कॉलेजात शिकायला आलेला, सावळा, लाजाळू मुलगा. पहिल्याच दिवशी मास्तरांनी विचारलं, "आडनाव काय?"

"तुकाजी."

"अहो, ते नाव झालं. आडनाव?"

"तेच आडनाव. पणजोबा बोटीत चढताना गोऱ्याने नाव विचारलं. ते म्हणाले, तुकाजी. तेच सगळ्या घराला चिकटलं."

मास्तर खूश झाले. त्याचे पणजोबा कोकणातूनच उसाच्या मळ्यांवर कामाला गेलेले. "आमची आजी पांढऱ्या साखरेला मोरस साखर म्हणायची," मास्तर त्याला म्हणाले. "मोरस म्हणजे तुमचं मॉरिशस. तुमच्या पणजोबांनी ऊस तोडला आणि आमच्या आजीने त्या साखरेचा चहा प्यायला." मुलगा हसला. त्याच्या मराठीत मास्तरांच्या आजीचे शब्द होते, आणि ते ऐकायला मास्तर त्याला दर रविवारी जेवायला बोलावू लागले.

मग एका रविवारी नलूने सांगितलं, की आम्ही लग्न करायचं ठरवतोय आणि राहायचं तिकडेच. मास्तर पानावरून उठले.

 दोनतीन दिवसांनी माई भिंतीपाशी आल्या आणि म्हणाल्या, "भावोजी, तुम्ही सांगून बघा. तुमचं ऐकतात." मी गेलो. विमान आहे, टपाल आहे, मुलगा चांगला आहे, असं मांडून पाहिलं. आतून नलू बाहेर आली आणि वडिलांना म्हणाली,

"नाना, परक्यांची बेटं सुटी झाली की पेपरमिंट वाटता. आणि घरातली मुलगी निघाली की तोंड फिरवता?"

मास्तर माझ्याकडे बघत बोलले. "चारी बाजूंनी पाणी म्हणजे बेट, असं मी पोरांना शिकवतो. ती व्याख्या बेटावरच्या माणसाची. किनाऱ्यावर उभा राहिलेल्याला विचारा. जिथे गेलेल्या माणसाला चालत जाऊन भेटता येत नाही, ते बेट."

नलू म्हणाली, "मग मी नाही जात. तुमच्या तोंडून हो आल्याशिवाय नाही जाणार." आणि आत जाऊन शेंगा निवडायला बसली. ती रुसून बोलली असती तर मास्तरांना सोपं गेलं असतं. ती खरंच थांबली होती.

पुढच्या रविवारी मुलगा आला. त्याला वाटलं, आपल्याला बाहेरच्या बाहेर घालवणार. मास्तरांनी मलाही बसवून घेतलं आणि त्याला एकच प्रश्न विचारला. "तुमच्या घरातून पणजोबा गेले. आजोबा, वडील तिकडेच जन्मले. एवढ्या वर्षांत तुमच्याकडचं कोणी परत आलं?"

मुलगा गोंधळला. प्रश्नात काय आहे ते त्याला कळेना. तो म्हणाला, "मी आलो नाय?"

 मास्तरांनी आत हाक मारली, "नले, पानं घे. चार जणांची." मला म्हणाले, "तुम्ही पण बसा, कॉस्टिंगवाले. हिशेब जुळला."

सांताक्रूझ विमानतळावर माई रडल्या, माझी बायको रडली. मास्तर नलूला म्हणाले, "तिकडे आपल्या हिवाळ्यात उन्हाळा असतो. लोकरीचं काही घालून बसू नकोस." एवढंच. काचेपलीकडे ती दिसेनाशी झाल्यावरही ते तिथून हलले नाहीत. मी दंडाला धरलं तेव्हा निघाले.

मास्तर दिवेलागणीला जेवणारे. नलू गेल्यावर ते उशिरा जेवू लागले. माई कुरकुरायच्या, "यांच्या पायी मला पित्त होतं." एकदा भिंतीवरून मी विचारलं, "मास्तर, जेवणं झाली?" ते म्हणाले, "आत्ता कुठे? आपलं घड्याळ तिच्या दीड तास पुढे आहे. तिच्याकडे अजून दिवे लागायचेत." ती पानं घेत असेल त्या सुमाराला ते पाटावर बसत.

नलू नातवाला घेऊन एकदा येऊन गेली. त्यानंतरच्या वर्षी मास्तर गेले. तिला पोहोचता आलं नाही. तेरा दिवस झाल्यावर माई एकट्याच राहिल्या. पहिल्या संध्याकाळी माझी बायको गरम भाकरी आणि पिठलं घेऊन गेली आणि म्हणाली, "माई, दोन घास खाऊन घ्या."

माईंनी ताट झाकून ठेवलं. "खाते," म्हणाल्या. "नलूची वेळ होऊ दे."