न दिसणारा मेकअप

धाकट्या मेव्हणीला भावजी ‘पावडरबाई’ म्हणत. खरं तर पावडर ती क्वचितच वापरायची. पदरमोड करून काढलेल्या छोट्या सिनेमांत ती मेकअप करायची, आणि तिथे प्रत्येक दिग्दर्शकाचं एकच म्हणणं असे : मेकअप केलाय हे कळता कामा नये. डोळ्यांखालचं जागरण, ओठांची सुकलेली कड, रडून गेल्यावर नाकावर उरणारी लाली, हे सगळं ती बोटाच्या टोकानं आणायची. दिवसभर दुसऱ्यांचे गाल हातात धरायचे आणि मग आपल्या भाड्याच्या खोलीचं कुलूप उघडायचं. शूटिंगपायी घरातले वाढदिवस, आजारपणं, वडिलांचं शेवटचं दर्शनसुद्धा हुकलं. पुढे ताईनं बोलावणंच सोडलं.

म्हणून भाचीचा फोन आला, "मावशी, लग्नात मला तूच तयार करायचंस," तेव्हा तिनं हातातला सिनेमा सोडला. या एका चेहऱ्याच्या जोरावर घरात परत शिरायचं, असं तिनं मनाशी धरलं.

लग्नाच्या सकाळी दार लावून ती बराच वेळ खपली. नाकाजवळचा तांबूसपणा घालवला, भुवईतली फट केसाकेसानं रेखली, नुकतंच चालून आल्यासारखी ऊब गालांवर आणली. इतकं नितळ काम तिच्या हातून फार दिवसांत झालं नव्हतं. तिनं आरसा पुढे धरला.

भाचीनं मान इकडेतिकडे वळवून पाहिलं. "छान. आता सुरुवात करूया ना, मावशी? उशीर होईल."

तेवढ्यात ताई डोकावली. "अजून तोंडाला हात नाही लावलास? दोघी गप्पाच ठोकत बसलात वाटतं!"

"झालंय, ताई."

"काय झालंय? ही तर रोजच्यासारखी दिसतेय!"

सेटवर ही शाबासकी ठरली असती. "गडद करते," म्हणत तिनं लाल लिपस्टिक लावली, आणि सवयीनं लगेच बोटानं टिपून अर्धी काढलीही. भाचीचे डोळे भरून आले. "आई, कोपऱ्यावरच्या पार्लरवालीला बोलाव ना."

पार्लरवाली आली. "हे खालचं पुसू का?"

"थांबा, मी पुसते," मावशी म्हणाली. तिनं हलक्या हातानं सगळं पुसून काढलं.

भाची झगमगत बाहेर आली, तसे भावजी खूश. "वा! पावडरबाईंनी अखेर पावडर लावली म्हणायची!" खरं काय ते त्यांना कुणीच सांगितलं नाही.

फोटोग्राफरनं घरच्यांना उभं केलं. "मावशी, तू पण," म्हणत भाचीनं तिला हात धरून शेजारी ओढलं. भाचीच्या ओठावर घाम डवरला होता. मावशीनं तो टिपला. इतक्यात "रेडी!" ऐकू आलं, कॅमेरा वर गेला, आणि सेटवरच्यासारखे तिचे पाय आपसूक मागे सरले, थेट दिव्याच्या स्टँडपर्यंत. फ्लॅश उडाला.

"झाला! चला, नवऱ्याकडचे!"

गर्दी पुढे सरसावली. ताईनं शेजारची रिकामी जागा पाहिली.

"मावशी कुठाय गं?" भाचीनं विचारलं.

"गेली असेल," ताई म्हणाली. "तिचं नेहमीचंच."