डावा खांदा

मास्तरांना त्यांच्या कामात कुणी चूक दाखवलेली नव्हती. शिंपीकामाच्या दुकानात कापायचं मास्तरांनी, शिवायचं कारागीर बाईंनी, अशी सव्वीस वर्षांची वाटणी. मास्तर पुढच्या टेबलाशी, गिऱ्हाइकांच्या डोळ्यांसमोर. बाई पडद्यामागे, मशीनवर. कोट शिवून आला की मास्तर तो उजेडात धरायचे, काहीतरी खोट काढायचे आणि म्हणायचे, "उसवा." बाई निमूटपणे उसवायच्या. शाबासकीची वाट पाहण्याइतक्या त्या भोळ्या नव्हत्या.

मग बाई महिनाभर बहिणीकडे गेल्या आणि बदली कारागीर आला. त्याने शिवलेले तिन्ही कोट परत आले. तिन्हींचा डावा खांदा वर! मास्तरांनी त्याला फैलावर घेतलं.

"मला काय बोलता? तुमच्या खडूच्या रेघेवरच शिवलंय," तो म्हणाला.

अंगातला अकरा वर्षांचा कोट काढून मास्तरांनी अस्तर उसवलं. बाईंनी डाव्या खांद्याच्या शिलाईत मास्तरांची रेघ सोडून अर्धं बोट कापड आत दाबलेलं होतं.

पुढचा आठवडाभर त्यांचं डोकं ठिकाणावर नव्हतं. म्हणजे आपण मास्तर नव्हतोच? मग इतकी वर्षं 'उसवा' म्हटलं ते कोणत्या तोंडाने? आणि खऱ्या मास्तर बाई, तर त्या पडद्यामागे का? बायको म्हणाली, "आभार माना आणि जेवा." यांचा घास हातातच.

बाई आल्या. मास्तरांनी कोट पुढ्यात टाकला. "हसत असाल मनातल्या मनात."

"हसू कशाला? कात्री चालवून तुमचाच उजवा खांदा उतरलाय. तुम्हाला वाकडं ते सरळ दिसतं."

"मग सांगायचं नाही?"

"कधी विचारलंत? आणि खरं सांगू, तुम्ही उसवा म्हणायचात, तेव्हा वाटायचं की आपलं काम कुणीतरी नीट बघतंय. बहिणीकडे पडदे शिवले, सगळ्यांनी वा वा केलं. ते चांगले झाले का, मला अजून ठाऊक नाही."

मास्तरांचा गोंधळ मिटायच्या ऐवजी दुप्पट झाला. त्यांनी नवं कापड अंथरलं, खुणा केल्या, कात्री उचलली, पुन्हा ठेवली. मग पडदा बाजूला करून अडखळत म्हणाले, "बाई, जरा बघता का?"

बाई टेबलाभोवती सावकाश फिरल्या. डाव्या खांद्याची रेघ त्यांनी तळहाताने पुसून टाकली.

"परत काढा," त्या म्हणाल्या.

मास्तरांना राग आला आणि डोळेही भरून आले. त्यातलं खरं कोणतं, ते त्यांना कळेना. त्यांनी खडू घेतला.