त्यांचं ‘पाहिले’

मुरारच्या सरकारी कचेरीत ते जुने कारकून माझ्या समोरच्या टेबलाशी बसत. संस्थान विलीन होऊन मध्य भारत हे नवं राज्य झालं, शिक्के बदलले, टोप्याही बदलल्या. यांची सवय मात्र तीच. समोर येईल त्या कागदाखाली ‘पाहिले’ लिहून सही करायची आणि कागद पुढे सरकवायचा. दरबारच्या काळात वरिष्ठांच्या सहीखाली अशी सही म्हणजे अदब. कागद वाचणं हा आगाऊपणा.

मग कचेरीच्या गोदामातले दरबारी गालिचे नाहीसे झाले. खोट्या पावतीवर गोदामप्रमुखाच्या सहीखाली यांचं सुबक ‘पाहिले’ होतं. नव्या साहेबांनी यांनाही चोरीत साथीदार ठरवलं. तुरुंग दिसू लागला, पेन्शन दिसेनाशी झाली.

आवक कागदांची यादी मी ठेवतो. तिच्यावरून मला एक रत्न सापडलं: यांना आरोपी करावं असा अहवाल, आणि त्याखाली यांचंच ‘पाहिले’. यांच्या वकिलांनी तो कोर्टापुढे ठेवला.

“हे वाचलं नव्हतं तुम्ही?” न्यायाधीशांनी विचारलं.

“हुजूर, वरिष्ठांचा कागद. वाचायचा कसा?”

ज्याला चोरीची खबरच नाही तो साथीदार कसला, असं म्हणून न्यायाधीशांनी खटला उभा राहण्याआधीच यांना त्यातून मोकळं केलं. न वाचण्याची एवढी कदर आमच्या खात्यात पूर्वी कधी झाली नव्हती.

आठवड्याने त्या हुकमाची नक्कल कचेरीत आली. त्यांनी ‘पाहिले’ लिहिलं, सही केली आणि कागद माझ्याकडे सरकवला.

“भाऊसाहेब, कोणाचं प्रकरण आहे हो हे?”